विकायची नाही, मग कसायची कुणी?

आमच्या सातबाऱ्यावर एकोणतीस नावं आहेत, त्यांतलं एक माझं. गुहागर तालुक्यात समुद्राकडे उतरणारा सडा, खाली थोडी भातखाचरं आणि चाळीसेक हापूसची कलमं. गेल्या महिन्यात दादाचा डोंबिवलीहून फोन आला. सड्याला गिऱ्हाईक आलंय, भाव ऐकून तोंडात बोट घालावं असा. त्याच आठवड्यात वाडीच्या व्हॉट्सॲप गटावर उलटा सूर होता: परक्याला गुंठाही द्यायचा नाही, कोकणालाही हिमाचलसारखा कायदा हवा. शेतकरी नसलेल्याला सरकारी परवानगीशिवाय जमीन घेऊ न देणारं, हिमाचलच्या १९७२ च्या कायद्यातलं कलम ११८ आमच्या चाकरमान्यांना आता तोंडपाठ झालंय. तिथेच एका चुलतभावाने मला विचारलं, "तू फिजीत राहतेस, तिकडे जमीन विकतच नाहीत ना गं? मग सांग की सगळ्यांना."

सांगते, पण अर्धं सांगून भागणार नाही.

मी अकरा वर्षं लौटोकात शाळेत विज्ञान शिकवते. पहिल्या वर्षी सगळं घरच्यासारखंच वाटलं होतं. नीरफणस, नारळ, आणि इथे 'रोरो' म्हणतात ती नारळाच्या दुधात शिजवलेली अळूची पानं. एक सहशिक्षिका इ-टौकेई आहे, म्हणजे इथल्या मूळ रहिवाशांपैकी. तिच्या धाकट्याची नाळ पुरून त्यावर नारळाचं रोप लावलं तेव्हा मी तिच्या गावी होते. आपणही 'जिथे नाळ पुरली' असं म्हणतो, हे मी तिला सांगितलं, तेव्हा ती म्हणाली, "मग तुला वानुआ वेगळं समजवायला नको." वानुआ म्हणजे जमीन, आणि त्या जमिनीची माणसंसुद्धा. एकाच शब्दात दोन्ही.

इथली सुमारे ८७ टक्के जमीन 'मातांगाली'च्या नावावर आहे. मातांगाली म्हणजे आपल्याकडची भावकी. ही जमीन विकता येत नाही, भाडेपट्ट्याने देता येते. याची सुरुवात इंग्रजांच्या पहिल्या वर्षांतली. १० ऑक्टोबर १८७४ ला लेवुका बंदरात ही बेटं ब्रिटनच्या ताब्यात गेली. त्याआधी बंदुका आणि दारूच्या बदल्यात किनाऱ्यावरच्या कितीतरी जमिनी गोऱ्या मळेवाल्यांनी लाटल्या होत्या. १८७५ मध्ये सिडनीहून आलेल्या जहाजातून गोवर आला आणि दीड लाखाच्या वस्तीतली चाळीस हजारांच्या आसपास माणसं गेली. त्याच वर्षी आलेला गव्हर्नर आर्थर गॉर्डन याने ठरवलं की उरलेल्यांची जमीन विकू द्यायची नाही आणि त्यांना गावातून उचलून मळ्यांवर जुंपायचं नाही.

हे मला आजही योग्य वाटतं. शेजारी पाहा. ऑस्ट्रेलियात १७८८ पासून ही जमीन कुणाचीच नव्हती असंच कायदा धरून चालला. टॉरेस सामुद्रधुनीतल्या मेर बेटाच्या एडी माबोंच्या खटल्यात तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने ते खोडून काढलं ते ३ जून १९९२ ला, आणि तेव्हा माबो हयात नव्हते. न्यूझीलंडच्या माओरींच्या हातून बहुतेक जमीन गेली. फिजीत ती राहिली, म्हणून गावं राहिली, भाषा राहिली.

पण वसाहतीचा खर्च भागवायला ऊस हवा होता आणि उसाला हात. गॉर्डनने त्रिनिदाद आणि मॉरिशसमध्ये कारभार केलेला होता, त्यामुळे हात कुठून आणायचे हे त्याला ठाऊक होतं. १४ मे १८७९ ला 'लिओनिडास' हे कलकत्त्याचं जहाज पोचलं. १९१६ पर्यंत साठ हजारांहून अधिक माणसं आली, आधी कलकत्त्याहून, १९०३ पासून मद्रासहूनही. पाच वर्षांचा करार, तोच 'गिरमिट'. सिडनीच्या कोलोनियल शुगर रिफायनिंग कंपनीचे मळे आणि कारखाने. या प्रथेविरुद्ध ४ मार्च १९१२ ला हिंदुस्थानच्या कायदेमंडळात ठराव मांडला तो गोपाळ कृष्ण गोखल्यांनी. सरकारी बहुमताने तो पाडला. गोखल्यांचा जन्म आमच्याच तालुक्यात कोतळूकचा; इथे वर्गात गिरमिटाचा विषय निघाला की मी ते मुद्दाम सांगते, आणि सांगताना गळा दाटतो.

गिरमिट १ जानेवारी १९२० ला संपलं. सुटलेल्यांतले बहुसंख्य इथेच राहिले आणि मातांगालीची जमीन खंडाने घेऊन ऊस लावू लागले. तीन पिढ्या कसली तरी ते कूळच राहिले.

माझे आजोबाही कूळच होते. खोताचं शेत कसायचे. पण आपल्याकडे १९३७ मध्ये बाबासाहेबांनी खोतीविरुद्ध विधेयक आणलं, अलिबागजवळच्या चरीचे शेतकरी सहा वर्षं संपावर राहिले, १९४८ चा कूळकायदा आला आणि १ एप्रिल १९५७ ला कसणारा मालक ठरला. आजीने तो सातबारा ट्रंकेत लुगड्यांच्या घडीत जपला होता. माझ्या शेजारच्या काकांच्या आजोबांनी बस्ती जिल्हा सोडून इथे तेवढंच राबून जे मिळवलं, त्याला मुदत होती. १९७६ च्या कायद्याने पट्टा तीस वर्षांचा केला. १९९७ पासून ते पट्टे संपत गेले. काकांची बावीस एकर गेली तेव्हा त्यांनी घराचे पत्रेसुद्धा स्वतःच उतरवून आणले. त्याबद्दल ते एकच वाक्य बोलतात: "लीज खलास होय गइस."

मी बरीच वर्षं फक्त काकांच्या बाजूने विचार करत होते. सहशिक्षिकेने दुसरी बाजू दाखवली. १९७६ च्या त्याच कायद्याने खंडाची कमाल ठरवली होती, सुधारणा न धरता जमिनीची जी किंमत होईल तिच्या सहा टक्के. त्यात तिच्या भावकीच्या घरटी वाट्याला वर्षाला जे यायचं त्यात मुलांचे गणवेश होत नव्हते. मग मुदत संपल्यावर त्यांनी जमीन परत का मागू नये? एकाला सुरक्षितता नाही, दुसऱ्याला मोबदला नाही. या दुखण्यावर राजकारण पोसलं गेलं. १४ मे १९८७ ला, म्हणजे लिओनिडासच्याच तारखेला, लष्कराचे सितिवेनी राबुका यांनी पहिलं बंड केलं. मे २००० मध्ये भारतीय वंशाचे पहिले पंतप्रधान महेंद्र चौधरी यांचं सरकारच्या सरकार ५६ दिवस ओलीस होतं. हजारो कुटुंबं ऑस्ट्रेलिया, न्यूझीलंड, कॅनडाला निघून गेली. १९६६ मध्ये निम्म्याहून अधिक असलेले भारतीय वंशाचे लोक २००७ च्या जनगणनेत ३७ टक्क्यांवर आले. पुढे पंतप्रधान म्हणून १४ मे २०२३ ला राबुकांनी माफी मागितली. काका टीव्हीसमोर हात जोडून बसले होते. त्यांची मुलं तेव्हा ब्रिस्बेनला होती.

आणि ती बावीस एकर? मी पाहून आले. उंच गवत, मधे काकांच्या आईने लावलेला आंबा. नव्वदच्या दशकात चाळीस लाख टनांच्या आसपास जाणारा देशाचा ऊस आता निम्म्यावरही येत नाही. राकिराकीचा कारखाना २०१६ च्या विन्स्टन वादळानंतर उघडलाच नाही.

ते गवत पाहताना मला आमची भातखाचरं आठवली. तीही पंधरा वर्षं पड आहेत, त्यात आता ऐनाची झाडं उभी आहेत. इथे कसणाऱ्याला हक्क नव्हता म्हणून जमीन ओस पडली. आमच्याकडे कसणाऱ्याला हक्क मिळेल या धास्तीने. 'कूळ लागेल' या दोन शब्दांनी कोकणात जितकी शेती बुडवली, तितकी पावसानेही बुडवली नसेल. एकोणतीस वारसांपैकी एकही नांगर धरत नाही आणि वाडीत जो धरतो त्याला लेखी काही द्यायची छाती होत नाही. अशा जमिनीवर 'विकू नका' एवढाच पहारा बसवला तर आपण रान राखत बसू.

म्हणून वाडीच्या गटावर मी लिहिलं की विक्रीबंदी मागा, मी सोबत आहे, पण तिच्याबरोबर भाडेपट्ट्याचा कायदाही मागा. नीती आयोगाने २०१६ मध्ये त्याचा नमुना दिलेला आहे: मालकी मालकाकडेच, आणि कराराची मुदत असेपर्यंत कसणाऱ्याला हात लावायचा नाही. भावकीच्या वतीने पट्टे करणारं मंडळ फिजीत १९४० पासून आहे. गावोगाव तसं काही उभं राहिलं तर एकोणतीस सह्यांसाठी कुणाला मुंबई पालथी घालावी लागणार नाही. खंड मात्र दर काही वर्षांनी नव्याने ठरला पाहिजे, नाहीतर इथली चूक तिकडे होईल.

गटावर दोघांनी अंगठा दाखवला, बाकीचे गप्प.

दादाला वेगळं कळवलंय. विक्रीच्या कागदावर माझी सही मिळणार नाही. खाचरं मात्र वरच्या घरातल्या जनाआत्तेच्या नातवाला दे, तो बैल बाळगून आहे. दहा वर्षांचं लेखी दे. कागद पाठवलास तर सुवाला जाऊन भारतीय उच्चायुक्तालयात सही साक्षांकित करून आणते. दादा म्हणाला, "अगं, कूळ लागेल." माझ्या हिश्श्यापुरतं लागू दे, दादा. आजोबांच्या हातात ती तशीच आली होती.