'अष्टपैलू' म्हणून मोकळं होऊ नका

परवा गप्पांत सिनेदिग्दर्शक आणि लेखक अरुण खोपकरांचं नाव निघालं. एकजण म्हणाला, "गुरुदत्तवर पुस्तक लिहिलंय ते ना?" दुसरी म्हणाली, "अरे, 'कथा दोन गणपतरावांची' सिनेमावाले!" तिसऱ्याला मणी कौलच्या 'आषाढ का एक दिन' सिनेमात त्यांनी केलेला कालिदास आठवला. तिघंही बरोबर. पण त्यांच्या माहितीपटांचं नाव कुणी काढलं नाही.

दोष त्यांचाही नाही. आमच्या पिढीला माहितीपट म्हणजे थिएटरात मुख्य सिनेमाआधी सक्तीनं दाखवलेली सरकारी फिल्म. ती चालू असेपर्यंत बाहेर सामोसे खायचे.

मग कुणीतरी समारोप केला, "अष्टपैलू माणूस." हा शब्द ऐकला की माझं डोकं फिरतं. थोडी बॅटिंग, थोडी बॉलिंग असं काहीतरी वाटतं त्यातून. मला तर खोपकर आपल्या माहितीपटांत एकाच प्रश्नाला चिकटून बसलेले दिसतात : दुसरी कला कॅमेऱ्यानं कशी बघायची? जहांगीर साबावालांचं चित्र जागचं हलत नाही, तिथं कॅमेऱ्यानं कुठून कुठे जायचं? लीला सॅमसन यांचं भरतनाट्यम आधीच गतिमान, मग कॅमेऱ्यानं गप्प कधी राहायचं? चार्ल्स कोरियांची इमारत तर आत चालत गेल्याशिवाय कळतच नाही. दर वेळी पाटी कोरी.

माझा जीव मात्र 2002 च्या फिल्मवर. नाव बघा : 'नारायण गंगाराम सुर्वे'. पुस्तकांवर आपण 'नारायण सुर्वे' वाचतो. टाकून दिलेलं तान्हं पोर उचलून घरी नेणारा गिरणी कामगार म्हणजे गंगाराम सुर्वे. ते मधलं नाव जन्मानं आलेलं नाही, एका गरीब माणसानं दिलेलं आहे. शीर्षकातच ते ठेवलं की कवीच्या चरित्रातली सगळ्यात मोठी गोष्ट पहिल्याच फ्रेमआधी सांगून झाली. यासाठी सिनेमाइतकंच कवितेचंही वाचन लागतं. 2015 चा साहित्य अकादमी पुरस्कार त्यांच्या 'चलत्-चित्रव्यूह' या पुस्तकाला मिळाला तेव्हा काहींना सिनेमावाला साहित्यात कसा, असं वाटलं असेल. मला नाही वाटलं.

तिघांना सुर्वेंवरची फिल्म दाखवायचं कबूल केलंय. सामोसे आधीच आणून ठेवायचे, मध्येच कुणी उठायचं नाही, एवढी एकच अट घातलीय.