सीआरपी म्हणजे रक्तातलं विष नव्हे

भातलावणी सुरू झाली की रत्नागिरी-सिंधुदुर्गात तापाचे रुग्ण वाढतात. त्यासोबत व्हॉट्सॲपवर एक मेसेज फिरतो : 'सीआरपी वाढलं म्हणजे रक्तात विष झालं. सात दिवस कोकमाचं आगळ प्या, उतरेल.' यातलं पहिलं वाक्य चुकीचं आहे, दुसरं धोक्याचं.

सीआरपी (सी-रिॲक्टिव्ह प्रोटीन) हे आपल्याच यकृतात तयार होणारं प्रथिन. 1930 साली न्यूमोनियाच्या रुग्णांच्या रक्तात त्याचा शोध लागला. संसर्ग किंवा इजा झाली की पेशी इंटरल्युकिन-6 हे संदेश देणारं प्रथिन सोडतात. तो इशारा मिळताच यकृत कामाला लागतं आणि साधारण सहा तासांत सीआरपी वाढायला लागतं. जंतूंना, मेलेल्या पेशींना ते चिकटतं, म्हणजे भक्षक पेशींना त्या ओळखता येतात. मूळ कारण गेलं की दर 19 तासांनी ते जवळपास निम्मं होतं. उतार पडतो तो यामुळे, आगळामुळे नाही.

फायब्रिनोजेन (रक्त गोठवणारं प्रथिन) आणि फेरिटिन (लोह साठवणारं प्रथिन) हेही याच वेळी वाढतात, अल्ब्युमिन हे रक्तातलं प्रथिन मात्र घटतं. म्हणून तापात फेरिटिन भरपूर दिसलं तरी अंगात लोह पुरेसं आहे असं धरू नका. रिपोर्टवर सीआरपीचं एककही नीट वाचा : डेसिलिटरला 6 मिलिग्रॅम म्हणजे लिटरला 60.

शेतातल्या चिखलात काम केल्यावर ताप आला, पोटऱ्या ठणकल्या, डोळे लाल झाले, तर लेप्टो (लेप्टोस्पायरोसिस, जनावरांच्या लघवीने दूषित पाण्या-चिखलातून होणारा संसर्ग) असू शकतो. त्याच दिवशी प्राथमिक आरोग्य केंद्र गाठा. वेळीच अँटिबायोटिक मिळालं तर तो बरा होतो. सात दिवस आगळावर काढले तर मूत्रपिंडं निकामी होऊ शकतात.