‘देव खास मुलं खास आईबापांनाच देतो’ म्हणे!

बौद्धिक अक्षमता असलेलं मूल ज्या घरात आहे, तिथे नातेवाइकांकडून एक मेसेज हमखास येऊन पडतो. देव अशी मुलं निवडक आईबापांच्याच पदरात घालतो. त्यांना प्रेमाशिवाय काही लागत नाही. ती कायम लहान, निरागस राहतात. पुढे बघायला भावंडं असतातच. खाली हात जोडलेले. हेतू वाईट नसतो, पण यातल्या प्रत्येक वाक्यानं बाकीचे सगळे मोकळे होतात.

देवानं निवड केलीच असेल, तर नोकरी सोडायची वेळ बहुतेकदा आईवरच का येते? आणि हेच नातेवाईक तिला बाजूला घेऊन ‘गरोदरपणी काही चुकीचं खाल्लं होतंस का’ असंही विचारतात. बौद्धिक अक्षमतेचं एक कारण असलेल्या डाउन सिंड्रोममध्ये 21 व्या गुणसूत्राची एक प्रत जादा असते, हे 1959 सालीच कळलं आहे. खाण्यापिण्याचा, पूर्वसंचिताचा त्यात काही संबंध नाही. कित्येक मुलांच्या बाबतीत तर कारण शेवटपर्यंत सापडतच नाही.

‘प्रेम पुरे’ हे सगळ्यात महागात पडणारं वाक्य. शर्ट घालायला शिकवणं घ्या. प्रेमळ आजी पटकन शर्ट चढवून मोकळी होते आणि नातू पंधरा वर्षांचा झाला तरी हात वर करून उभा राहतो. विशेष शिक्षिका त्याच कामाचे तुकडे पाडते. चार बटणं आपण लावायची, शेवटचं त्याच्याकडून लावून घ्यायचं. ते जमलं की शेवटची दोन. शाळेत एक पद्धत आणि घरी दुसरी असली, तर महिनोन्‌महिने वाया जातात. यासाठी शिकवणारं माणूस लागतं, पैसे लागतात. केंद्र सरकारच्या निरामय योजनेत वर्षाला एक लाखापर्यंतचा आरोग्य विमा मिळतो, त्यासाठी आधी वैद्यकीय तपासणी लागत नाही. अपंग व्यक्तींच्या हक्कांच्या 2016 च्या कायद्यानं, 40 टक्के किंवा त्याहून जास्त अपंगत्व असलेल्या मुलांना 6 ते 18 वयात मोफत शिक्षणाचा हक्क आहे, जवळच्या शाळेत किंवा विशेष शाळेत. हे फॉरवर्ड करायला काय हरकत आहे?

‘कायम लहान’? रिपोर्टवर ‘मानसिक वय सहा’ लिहिलेल्या मुलीला पाळी यायची थांबत नाही. पॅड कसं बदलायचं, कपडे कुठे बदलायचे, अंगाला कोणी हात लावला तर काय करायचं, हे तिला पुन्हा पुन्हा, चित्रं दाखवून शिकवावं लागतं. तिला बाळ मानणाऱ्या घरात हे राहूनच जातं आणि मग तिच्याशी कोणी गैर वागलं तर ते तिला सांगताही येत नाही.

राहता राहिली भावंडं. धाकटीला कोणी विचारलेलं नसतं. लग्नाच्या बोलण्यात मात्र ‘भावाची जबाबदारी’ पहिल्या पाच मिनिटांत निघते. शिवाय मूल 18 वर्षांचं झालं की कायद्याच्या दृष्टीनं आईबापही आपोआप पालक राहत नाहीत, मग भावंडांची काय कथा! बँकेत किंवा मालमत्तेच्या कामात हे अचानक समोर येतं. 1999 च्या राष्ट्रीय न्यास कायद्याखाली पालकत्वासाठी जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे अर्ज करावा लागतो. समितीत जिल्हाधिकारी, नोंदणीकृत संस्थेचा प्रतिनिधी आणि एक अपंग व्यक्ती असते. आईबापांनी हा अर्ज हातपाय धड असतानाच करावा आणि आपल्या पश्चात कोण, हे धाकटीला समोर बसवून विचारावं. ती नाही म्हणाली, तर दुसरा माणूस शोधायला तेवढी वर्षं हाताशी राहतात.