बंधारा आहे, पाटकरी कुठे आहे?

आमच्या घरामागून एक चर वाहतो. रुंदी जेमतेम दोन मीटर. नेदरलँड्समधल्या लायडनच्या परिसरात असे चर गल्लोगल्ली आहेत, आणि ज्याच्या घराला चर लागून, त्याने आपल्या बाजूचं गवत-शेवाळ काढायचं असा नियम आहे. दर शरदात पाणीमंडळाचा, म्हणजे इथले बांध आणि पाणी सांभाळणाऱ्या स्थानिक संस्थेचा, माणूस चर बघायला येतो. या पाहणीला इथे ‘स्खाउ’ म्हणतात. पहिल्या वर्षी मला हे काही ठाऊक नव्हतं. शेजारच्या आजींनी लांब दांड्याचं दाताळं माझ्या हातात दिलं आणि म्हणाल्या, ‘‘तुझ्याकडे पाणी अडलं, तर माझ्याकडे तुंबेल.’’ ते दाताळं हातात घेतलं आणि मला आमचे आजोबा आठवले.

आजोबा पांझरेच्या काठी, साक्री तालुक्यात, फडावर पाटकरी होते. खानदेशाबाहेरच्या वाचकांसाठी थोडं सांगतो. पांझरा, मोसम, आरम या नद्यांवर शेकडो वर्षांपासून छोटे बंधारे आहेत. बंधाऱ्याच्या पाटाखालची जमीन फडांत, म्हणजे मोठ्या तुकड्यांत, वाटलेली असायची. यंदा कुठल्या फडात ऊस, कुठल्या फडात भुसार, कुठला फड पडीक, हे शेतकरी मिळून ठरवत. पाणी द्यायला पाटकरी, पिकाची राखण करायला जागल्या, देखरेखीला हवालदार. शेतकऱ्याने रात्री-अपरात्री पाण्यासाठी जायचं नाही. पाटकरी बारं (शेताकडे पाणी सोडायचं पाटाचं तोंड) फोडेल आणि भिजलं की बंद करेल. आजोबा खांद्यावर फावडं टाकून पहाटे निघायचे. पाटात पाय घालून उभे राहिले की, वर कुठेतरी कुणी पाणी फोडलंय, हे नुसत्या धारेवरून सांगायचे. अखाजीच्या (अक्षय्य तृतीयेच्या) सुमारास सगळे मिळून पाट साफ करायचे. त्या दिवशी न येणाऱ्याला पंच जाब विचारत.

आज तो बंधारा आहे, पाटही दिसतो. फड गेला. वर धरण झालं, विहिरींवर मोटारी बसल्या. ज्याच्या विहिरीला पाणी, त्याला फडाच्या बैठकीची गरज उरली नाही. बैठकीला येणारे कमी झाले, मग पाट साफ करणारे, मग पाटकऱ्याला धान्य देणारे. कुणी ठराव करून फड बंद केला नाही. लोकांनी एकेक काम करणं थांबवलं, इतकंच झालं.

हे सगळं लिहायचं कारण म्हणजे गावाकडच्या चर्चा. घरच्या ग्रुपवर सहकाराचा विषय निघाला की दोन तट पडतात. एक म्हणतो, कारखाने, सोसायट्या, पाणीवापर संस्था सगळ्या पुढाऱ्यांच्या घशात गेल्या, खाजगी करून टाका. दुसरा म्हणतो, प्रशासक नेमा, कायदा कडक करा. २०११ साली सहकारी संस्थांबाबतची ९७वी घटनादुरुस्ती झाली, त्यानंतर राज्याच्या कायद्यात ‘क्रियाशील सभासद’ (सभांना येणारा, संस्थेच्या सेवा वापरणारा) आला. २०२१च्या जुलैत केंद्रात वेगळं सहकार मंत्रालय झालं आणि त्याच महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की, राज्यातल्या सहकारी संस्थांना त्या दुरुस्तीतला सहकाराचा भाग लागू नाही. प्रत्येक वेळी आमच्या ग्रुपवर तोच वाद: ढाचा कुठला हवा? संचालक किती, अधिकार कुणाचे, नोंदणी कुठे? पाट शेवटचा कधी साफ केला, हे कुणी विचारत नाही.

मला वाटतं, आपण प्रश्नच चुकीच्या जागी शोधतोय. ‘संस्था’ या शब्दात ‘स्था’ आहे, उभं राहणं. त्यामुळे डोळ्यांपुढे येते ती इमारत, पाटी, शिक्का, अध्यक्षांची खुर्ची. पण बोलताना आपण संस्था ‘चालवतो’. शाळा चालते, भिशी चालते, दुकान चालतं. बोलीला जे कळलंय ते आपल्या धोरणाला कळलेलं नाही. कार्ल वाइक या अमेरिकन अभ्यासकाने संघटनांकडे नाम म्हणून नव्हे, क्रियापद म्हणून पाहा, असं आग्रहाने मांडलं. माझ्या आजोबांना ते सांगावं लागलं नसतं.

इथली पाणीमंडळं (वाटरस्खाप म्हणतात त्यांना) पाहिली की हे स्वच्छ दिसतं. आमच्या भागातल्या राइनलंडच्या मंडळाचा उल्लेख १२५५ सालच्या सनदेत आहे. एवढी जुनी गोष्ट म्हणजे दगडात कोरलेली रचना असेल, असं मलाही वाटलं होतं. प्रत्यक्षात या देशाने रचना किती वेळा मोडली! १९५०च्या आसपास अडीच हजारांहून जास्त पाणीमंडळं होती. १९५३च्या ३१ जानेवारीच्या रात्री समुद्र आत आला, १,८३६ माणसं गेली. त्यानंतर मंडळं एकमेकांत विलीन होत गेली. आज २१ उरली आहेत. नकाशा बदलला, मतदानाची पद्धत बदलली, उद्योगांसाठी राखीव असलेल्या जागा अलीकडे गेल्या. पाणीमंडळं बंद करून प्रांतांकडे काम द्या, असंही अधूनमधून कुणीतरी म्हणतंच. म्हणजे ढाच्यावरचे वाद इथेही आहेत. पण स्खाउ चुकत नाही. पट्टी भरली जाते आणि बांधावरून माणूस चालत जातो.

पूर्वीचा एक दंडक इथे सांगतात. ज्याला आपल्या वाट्याचा बांध राखणं झेपत नसे, त्याने बांधात फावडं रोवायचं आणि जमीन सोडून जायचं. जो ते फावडं उपटेल, त्याची जमीन आणि त्याच्याच गळ्यात तो बांध. कठोर नियम आहे, पण त्यात हक्क आणि काम वेगळे काढताच येत नाहीत. आमच्या अखाजीच्या पाटसफाईतही तेच होतं.

२००३च्या ऑगस्टमध्ये विल्निस नावाच्या गावात भर दुष्काळात बांध सरकला. पुराने नव्हे, कोरडेपणाने. बांध पीट मातीचा, म्हणजे कुजलेल्या वनस्पतींपासून झालेल्या मातीचा. ती सुकून हलकी झाली आणि पलीकडच्या पाण्याने तिला ढकललं. रात्रीतून वस्तीत पाणी शिरलं. जीव कुणाचा गेला नाही, पण लोकांना घरं सोडावी लागली. तेव्हापासून उन्हाळा कोरडा गेला की अशा बांधांवर माणसं पाठवून भेगा शोधतात. २०२२च्या उन्हाळ्यात मी सायकलवर असताना असा एक निरीक्षक मला भेटला. साठीचा असावा. काठी भेगेत घालून खोली बघत होता, मग फोनमध्ये नोंद करत होता. मी विचारलं, हे उपग्रहावरून दिसत नाही का? म्हणाला, काही दिसतं, पण भेगेतला ओलावा बोटालाच कळतो.

मला राहवत नाही म्हणून लिहितो: आपल्याकडे अशी माणसं होती आणि आपण त्यांचा पगार बंद केला. आमच्या भागातल्या एका पाणीवापर संस्थेचं कार्यालय मी गेल्या खेपेला पाहिलं. या संस्थांसाठीचा राज्याचा २००५चा कायदा चांगला आहे. शेतकऱ्यांच्या संस्थेला पाणी मोजून द्यायचं आणि वाटप तिने करायचं, असं तो म्हणतो. कार्यालयाला पाटी आहे, आत कपाट आहे, नोंदणीचं प्रमाणपत्र चौकटीत लावलंय. चारीवर (शेतांकडे जाणाऱ्या छोट्या कालव्यावर) गेलो तर बाभळी माजलेल्या आणि मोजपट्टी गाळात गेलेली. कागदावर संस्था जिवंत, जागेवर तिचं एकही काम होत नाही. संचालकांना दोष देणं सोपं आहे. पण पाटकऱ्याला मजुरी द्यायची म्हटली की सभासदच मागे सरतात.

उलट उदाहरणही आपल्याच मातीत आहे. नाशिक जिल्ह्यात वाघाड धरणाच्या कालव्याच्या टेलला, म्हणजे शेवटच्या टोकाला, ओझरच्या शेतकऱ्यांना पाणी पोचत नव्हतं. १९९०च्या सुमारास समाज परिवर्तन केंद्राच्या बापूसाहेब उपाध्ये आणि सहकाऱ्यांनी त्यांना एकत्र आणलं, पाणीवापर संस्था उभ्या केल्या आणि पुढे अख्ख्या प्रकल्पाचं व्यवस्थापन शेतकऱ्यांच्या हाती आलं. कायदा नंतर आला, चाललेलं काम आधी होतं. हा क्रम मला फार महत्त्वाचा वाटतो.

कुणी म्हणेल, तिकडे पैसा आहे, पाणी घालवायची चिंता आहे. आपल्याकडे पाणीच नाही. खरं आहे. इथल्या पट्टीएवढी पट्टी आमचा शेतकरी भरू शकत नाही, आणि इथली नक्कल तिकडे करा असं मी म्हणतच नाही. पण रब्बीचं आवर्तन सुटण्याआधी सभासदांनी मिळून चारी पायी फिरावी आणि किती पाणी आलं ते सगळ्यांसमोर मोजून फळ्यावर लिहावं, याला फार पैसा लागत नाही. पाटकऱ्याची मजुरी मात्र आधी काढून ठेवावी लागेल. सरकारला नवा नियम करायचाच असेल तर या कामांचा करावा. संचालकांची संख्या नंतर ठरवता येईल.

मागच्या मार्चपासून मी काकांच्या मागे लागलोय. डिसेंबरात गावी जाणार आहे. बंधाऱ्यापासून शेवटच्या शेतापर्यंत एकदा पायी जाऊ, म्हटलं. काका फोनवर बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, ‘‘अर्ध्या वाटेवर बाभळी आहेत, कोयता लागेल. अजून कुणाकुणाला सांगू?’’