‘सकर मासा म्हणजे नदीतला कचरा’: या दाव्याचा मुद्देसूद प्रतिवाद

उत्तर अमेरिकेतील नद्यांमध्ये गळ टाकणाऱ्या हौशी मासेमारांमध्ये एक समज पिढ्यान्‌पिढ्या फिरत आला आहे आणि आता तो चित्रफितींसोबत नव्याने पसरतो आहे. त्याचा सारांश असा: सकर मासा तळाचा गाळ चोखून जगतो, म्हणून तो घाण पाण्याची खूण आहे, तो ट्राउट आणि वॉलआय या मोलाच्या माशांची अंडी फस्त करतो, तो कार्पसारखाच बाहेरून आलेला आहे, त्याची पैदास अफाट आहे, त्याला काटे फार, त्यामुळे तो खाण्यालायक नाही, तेव्हा गळाला लागला तर पाण्यात परत सोडू नये, काठावर फेकून द्यावा. यातील जवळजवळ प्रत्येक विधान चुकीचे आहे, आणि त्यावरून केलेली कृती एका फार जुन्या प्राणिकुळाला घातक ठरली आहे.

आधी हा मासा कोणता ते स्पष्ट करतो. महाराष्ट्रात मत्स्यालयाच्या काचा साफ करणारा म्हणून जो ‘सकर’ विकला जातो, तो दक्षिण अमेरिकेतील चिलखती अंगाचा, मांगूर-शिंगाळ्याच्या गणातला मासा आहे आणि आपल्या जलाशयांत तो खरोखरच उपद्रवी परका आहे. येथे ज्यांच्याविषयी लिहीत आहे ते सकर वेगळ्या कुळातले आहेत. त्या कुळात सुमारे ८० जाती आहेत. चीनच्या यांगत्से नदीतील एक जात आणि सायबेरियापर्यंत पोहोचलेली एक जात सोडली, तर हे कूळ केवळ उत्तर अमेरिकेचे आहे.

गाळाचा मुद्दा घेऊ. सकरच्या जबड्यात दात नसतात. मांसल ओठांनी तो तळ चाचपतो, कीटकांच्या अळ्या, बारीक शिंपले, कवचधारी जीव आणि शेवाळ तोंडात ओढतो, आणि घशातील दातांनी ते चिरडतो. म्हणजे तो गाळ खात नाही, गाळातून अन्न निवडतो. सर्वत्र आढळणारा पांढरा सकर प्रदूषण बऱ्यापैकी सोसतो हे खरे आहे आणि बहुधा त्यावरूनच साऱ्या कुळावर शिक्का बसला. परंतु रेडहॉर्ससारख्या अनेक सकर जातींना स्वच्छ वाहते पाणी आणि गाळाने न बुजलेली खडी लागते. अमेरिकी जीवशास्त्रज्ञ जेम्स कार यांनी १९८१ मध्ये नदीचे आरोग्य माशांवरून मोजण्याची जी पद्धत मांडली, तिच्यात सकरच्या जाती जितक्या अधिक, तितके गुण अधिक. हेअरलिप नावाचा सकर तर शेतजमिनींची माती नद्यांत उतरून पाणी गढूळ झाल्यावर नाहीसाच झाला. त्याचे शेवटचे नमुने १८९३ मधील आहेत.

अंडी खाण्याचा आरोप सर्वांत जास्त चिकटून राहिलेला आहे, म्हणून त्याकडे नीट पाहिले पाहिजे. सकर कधी अंडी खातो का? खातो, प्रवाहात सुटी वाहणारी अंडी समोर आली तर बहुतेक सारेच मासे खातात, ट्राउटसुद्धा. प्रश्न असा आहे की त्यामुळे ट्राउट कमी होतात का. ब्रूक आणि ब्राऊन ट्राउट शरद ऋतूत खडी उकरून तिच्यात अंडी पुरतात, तर पांढरा सकर वसंतात ओढ्यांत चढतो. पुरलेली अंडी उकरून काढण्याजोगे तोंड त्याला नाही. याउलट सकर आपली हजारो अंडी खडीवर उघडी सोडून जातो, ती ट्राउटसह कित्येक मासे खातात, आणि त्याची पिल्ले वॉलआय, पाईक व मस्की या शिकारी माशांच्या पोटी जातात. मस्की पकडण्यासाठी गळाला जिवंत सकर लावणारा मासेमार हे रोज पाहतो; तरीही सकर मोलाच्या माशांना संपवतो असे तोच सांगतो, याचे मला मनापासून वाईट वाटते.

त्याहूनही महत्त्वाची गोष्ट ग्रेट लेक्स या उत्तर अमेरिकेतील विशाल सरोवरांना मिळणाऱ्या ओढ्यांत दिसते. वसंतात सरोवरांतून सकरांचे थवे ओढ्यांत चढतात, तेव्हा त्यांच्या उत्सर्जनातून आणि अंड्यांतून नायट्रोजन व फॉस्फरस त्या पाण्याला मिळतात, आणि त्यावर शेवाळ व कीटक पोसले जातात. हेच कीटक पुढे ट्राउटच्या पिल्लांचे अन्न असतात. पॅसिफिक सॅमनचे असे कार्य जगाला ठाऊक आहे, सकरचे मात्र अलीकडेच मोजले जाऊ लागले.

परकेपणाचा मुद्दा थोडक्यात मिटतो. कॉमन कार्प युरोपातून एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात अमेरिकेत आणला गेला, आणि तोही सरकारी मत्स्य आयोगानेच गाजावाजा करून देशभर वाटला. सकर तेथे मुळापासून आहेत.

‘अफाट पैदास’ हे विधान मात्र सर्वांत घातक आहे. बिगमाउथ बफेलो हा मिसिसिपी आणि हडसन उपसागराकडे वाहणाऱ्या नद्यांतील मोठा सकर. तो पंचवीस-सव्वीस वर्षे जगतो असे मानले जात होते. २०१९ मध्ये संशोधक ॲलेक लॅकमन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी माशाच्या कानातील खड्यांवरची वार्षिक वलये मोजली, आणि एक मासा ११२ वर्षांचा निघाला. मोजणी खरी आहे का हे त्यांनी १९५०-६० च्या दशकांतील अणुचाचण्यांमुळे वातावरणात वाढलेल्या किरणोत्सारी कार्बनच्या खुणेवरून पडताळले. इतके जगणाऱ्या माशाला दरवर्षी यशस्वी विण होण्याची गरज नसते. अनुकूल वर्ष येईपर्यंत तो थांबतो. मिनेसोटातील राईस लेकमध्ये हे बफेलो दर वसंतात अंडी घालतात, पण पिल्ले टिकत नाहीत, आणि २०२४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासानुसार तेथील जवळजवळ सारे मासे पन्नास वर्षांहून मोठे आहेत. सरोवरात मोठे मासे भरपूर दिसतात म्हणून संख्या भक्कम आहे, असे मानणारा धनुर्धारी मासेमार रात्री दिव्याच्या उजेडात अशा माशांवर बाण सोडतो, तेव्हा त्यांची जागा घ्यायला मागे कोणीच नसते. वयच कोणी मोजले नव्हते, तोवर ‘कितीही मारा’ हा नियम कशाच्या आधारावर ठरला होता, हा प्रश्न विचारायलाच हवा.

काट्यांविषयी कोकणातल्या वाचकाला फार सांगावे लागणार नाही. पाला मासा काट्यांचा असतो म्हणून तो कोणी फेकून देत नाही. मिझुरीतील लोक सकरच्या मांसाला एकमेकींना लागून चिरा देतात, म्हणजे बारीक काटे तळणीत विरघळल्यासारखे होतात. ओरेगॉनमधील क्लामाथ या मूळनिवासी लोकांसाठी च्वाम आणि कोप्तू हे दोन सकर अन्नही आहेत आणि विधीचा भागही. संख्या ढासळल्यावर त्यांनी १९८६ मध्ये स्वतःहून आपली मासेमारी थांबवली. १९८८ मध्ये दोन्ही जाती संघराज्याच्या धोक्यातील जातींच्या यादीत गेल्या.

आता ‘फेकून द्या’ या सल्ल्याकडे. तो सरकारी पातळीवर अमलात आणला गेला तेव्हा काय झाले याची नोंद आहे. सप्टेंबर १९६२ मध्ये वायोमिंग आणि युटामधील ग्रीन नदीत, फ्लेमिंग गॉर्ज धरण भरण्याआधी, ट्राउटसाठी जागा करण्याच्या हेतूने सुमारे ७०० किलोमीटर लांबीच्या जलमार्गांत रोटेनोन हे विष सोडले गेले. मारायच्या माशांत स्थानिक सकर होते. विष निष्प्रभ करण्याचे प्रयत्न पुरेसे ठरले नाहीत आणि ते डायनासोर राष्ट्रीय स्मारक या संरक्षित क्षेत्राच्या हद्दीत पोहोचले. त्याच खोऱ्यातील रेझरबॅक सकर १९९१ मध्ये धोक्यातील जात म्हणून घोषित झाला आणि आज हॅचरीत पिल्ले वाढवून तो नदीत सोडावा लागतो.

सकर हटवणे योग्य ठरते अशी एक परिस्थिती आहे, आणि ती लपवणे अप्रामाणिक होईल. पांढरा सकर त्याच्या मूळ प्रदेशाबाहेर, कोलोरॅडो नदीच्या वरच्या खोऱ्यात माणसांनी नेला; तेथे तो फ्लॅनेलमाउथ आणि ब्लूहेड या स्थानिक सकरांशी संकर करतो, त्यामुळे त्यांचा शुद्ध वंश धोक्यात येतो. तेथील जीवशास्त्रज्ञ त्याला पकडून काढतात, ते दुसऱ्या दोन सकरांना वाचवण्यासाठी, आणि कोणता मासा काढायचा व कोणता सोडायचा हे प्रत्येक मासा हातात घेऊन, ओळखून ठरवतात.