मुरानो वाटेत लागतं आणि तिथेच वेळ खातं: व्हेनिसच्या बेटांवरच्या प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार,

तुमची प्रतिक्रिया रागात लिहिलेली असली तरी तपशील चोख आहेत, म्हणून उत्तरही तपशिलात देत आहोत. तुमचे आक्षेप चार. "मुरानो, बुरानो आणि तोर्चेल्लो ही तिन्ही बेटं पाच तासांत स्वतःची स्वतः करता येतात" हे लेखातलं वाक्य फसवं निघालं. मुरानोच्या फारो धक्क्यावर दोन बोटी तुमच्यासमोरून भरलेल्या निघून गेल्या. सुटी तिकिटं काढत गेल्याने माणशी 38 युरो गेले. आणि एवढं करून तोर्चेल्लोला "चार घरं आणि बंद व्हायला आलेलं एक चर्च" पदरात पडलं. यापेक्षा गाइडवाली बोट शंभर पटीने बरी, असा तुमचा निष्कर्ष.

पहिले तीन आक्षेप पूर्ण मान्य. चौथा मान्य नाही आणि निष्कर्षही नाही.

पाच तासांत तीन बेटं हा हिशोब कागदावर जुळतो. व्हेनिसच्या उत्तर काठावरच्या फोंदामेंते नोवे धक्क्याहून 12 क्रमांकाची वापोरेत्तो (सार्वजनिक बोट) दहाएक मिनिटांत मुरानोच्या फारो धक्क्याला लागते, पाऊण तासात बुरानोला पोचते, आणि बुरानोहून तोर्चेल्लो पाच मिनिटांवर आहे. प्रवासाचे दोन तास सोडले तर तीन तास उरतात, म्हणजे बेटामागे एक तास. लेखात आम्ही एवढीच बेरीज केली होती. धक्क्यावरचं थांबणं त्यात धरलंच नव्हतं, आणि या सहलीत सगळा वेळ तिथेच जातो.

बोट भरते फोंदामेंते नोवेला. सकाळी साडेनऊनंतर बसायला जागा मिळत नाही, दहाच्या पुढे उभं राहायलाही मारामार. अशी भरलेली बोट फारोला येते तेव्हा तिथे मुरानो आटोपलेली माणसं रांग लावून असतात. दहा उतरले तर दहाच चढणार. बाकीचे पुढच्या बोटीची वाट पाहणार, आणि दिवसा दोन बोटींत साधारण वीस ते तीस मिनिटांचं अंतर असतं. तुमच्या दोन बोटी गेल्या म्हणजे पाऊण तास गेला, तोही उन्हात, धक्क्याच्या हलत्या तराफ्यावर. नकाशावर मुरानो वाटेत दिसतं म्हणून सगळे तिथे आधी उतरतात, आणि पुढे जायला जागा मिळणं सर्वांत अवघड तिथूनच आहे.

म्हणून लेखात दुरुस्ती अशी: अर्धाच दिवस असेल तर मुरानो गाळा. तोर्चेल्लो गाळू नका.

मुरानो गाळणं सोपं अशासाठी की तिथे 12 नंबरशिवायही जाता येतं. 4.1 आणि 4.2 या गोल फिरणाऱ्या मार्गांच्या बोटी फोंदामेंते नोवेहून मुरानोच्या धक्क्यांना लागतात. जाताना सान मिकेले या दफनभूमीच्या बेटावरही थांबतात. तिथे संगीतकार स्त्राविन्स्की आणि कवी एझरा पाउंड यांच्या कबरी आहेत. मुरानोसाठी दुसऱ्या एखाद्या दिवसाचे दोन-तीन तास पुरतात. फक्त तो दिवस कामाचा असावा आणि वेळ सकाळची. मुरानोला पाहायचं ते काचकाम; त्याची भट्टी रात्रंदिवस पेटती ठेवावी लागते, कारण ती थंड करून पुन्हा तापवली तर काच वितळवायचं मडकं तडकतं. कारागीर मात्र सकाळी लवकर येतात आणि दुपारनंतर हात आवरता घेतात. ऑगस्टमध्ये कित्येक भट्ट्या दुरुस्तीसाठी विझवलेल्या असतात.

आता तुमच्या बेताची नवी मांडणी. आठच्या सुमारास फोंदामेंते नोवेहून 12 नंबर धरा. फलकावर मार्गाच्या क्रमांकाशेजारी धक्क्याचं अक्षर असतं, ते पाहूनच तराफ्यावर जा; इथे एकाच नावाचे अनेक धक्के शेजारीशेजारी आहेत, आणि चुकीच्या तराफ्यावर उभं राहून आपली बोट शेजारून सुटताना पाहणारे रोज दिसतात. मुरानोला उतरू नका. पावणेनऊच्या आसपास बुरानो. दुकानं बंद, चौक रिकामा, कालव्याच्या पाण्यात रंगीत घरांची हलकी थरथरती सावली, खिडकीखाली वाळत घातलेले कपडे. दहा वाजल्यानंतर याच कालव्यांच्या काठी फोटोसाठी रांग लागते. तास-सव्वा तास भरपूर झाला. सान मार्तिनो चर्चचा 53 मीटर उंच घंटाघराचा मनोरा कलला आहे. त्याचा कल नीट पाहायचा तर कालव्यापलीकडून पाहा, पायथ्याशी उभं राहून तो कळत नाही.

दहाच्या थोडं पुढे तोर्चेल्लोची बोट. इथे एक खाच आहे: 12 नंबरच्या सगळ्याच फेऱ्या तोर्चेल्लोला थांबत नाहीत. काही थांबतात, बाकीच्या वेळी बुरानोला बोट बदलावी लागते. बुरानोला उतरल्या उतरल्या धक्क्यावरच्या वेळापत्रकाचा फोटो काढा आणि तोर्चेल्लोला जाणारी बोट व तोर्चेल्लोहून परतणारी बोट या दोन्ही वेळा तिथेच ठरवा. तोर्चेल्लोच्या धक्क्यापासून विटांच्या वाटेने कालव्याच्या कडेकडेने दहा मिनिटं चाललं की कॅथेड्रल येतं, तुम्ही म्हणता तेच चर्च; म्हणजे परतीच्या बोटीआधी पंधरा मिनिटं ते सोडायचं. हा हिशोब चुकला की अर्धा तास गेलाच.

कॅथेड्रल सकाळी दहा-साडेदहाच्या आधी उघडत नाही, आणि संध्याकाळी बंद होण्याच्या अर्धा तास आधी आत घेणं थांबतं. तुम्ही दुपारी उशिरा पोचलात आणि नेमके या दुसऱ्या वेळेत अडकलात. सकाळी दार उघडतानाच आत गेलात तर तास निवांत मिळतो. बाराच्या आसपास परतीची बोट धरली तर गर्दीचा लोंढा अजून शहराकडून बेटांकडे येत असतो, तुम्ही उलट्या दिशेने निघालेले असता. एकपर्यंत फोंदामेंते नोवे. पाच तास, दोन बेटं. बुरानोहून परतायला सर्वांत वाईट वेळ तीन ते पाच. त्या वेळी पुलावरून चालत शेजारच्या मात्सोर्बोला जाऊन बोट धरा, असा सल्ला बऱ्याच ठिकाणी दिलेला असतो. तो उपयोगाचा नाही, कारण शहराकडे जाणारी बोट मात्सोर्बोला येते तीच बुरानोहून भरून.

या क्रमात एक गोष्ट हुकते: बुरानोचं लेसचं संग्रहालय. ते दहाला उघडतं आणि सोमवारी बंद असतं. ज्यांना लेसच पाहायची आहे त्यांनी साडेनऊला निघून आधी तोर्चेल्लो आणि मग बुरानो करावं, आणि परतीची रांग सोसावी. लेस पाहण्यासारखी आहेच. कागदावरचा आराखडा कापडाच्या थरांवर टाचतात, रेषेवर धागा धरून घेतात, मग सुईने फक्त टाक्यावर टाका विणत मोकळी जागा भरतात, आणि शेवटी कापड व लेस यांच्यामधले टाके कापले की लेस सुटी होते. खाली कापड उरतच नाही. या विणीचं इटालियन नावच आहे "हवेतला टाका". प्रत्येक टप्प्याची बाई वेगळी असे, आणि तळहाताएवढ्या तुकड्याला आठवडे लागतात. दहा-पंधरा युरोंचा टेबलक्लॉथ बुरानोच्या हातचा असणं शक्यच नाही, मग दुकानदार काहीही सांगो.

तिकिटाचं. एकेरी तिकीट 9.50 युरो, चालू केल्यापासून 75 मिनिटं. त्या वेळात बोट बदलता येते, पण त्याच तिकिटावर परत फिरता येत नाही. तुम्ही चार वेळा चढलात, चार तिकिटं, 38 युरो. चोवीस तासांचं तिकीट 25 युरोंना आहे, म्हणजे तिसऱ्या चढण्यालाच ते स्वस्त पडतं. लेखात हे शेवटी एका ओळीत होतं, ते पहिल्या परिच्छेदात असायला हवं होतं. निघण्याआधी दर एकदा तपासा, ते अधूनमधून वाढतात. चोवीस तास मोजले जातात पहिल्यांदा यंत्रावर टेकवल्यापासून. तारीख बदलण्याशी संबंध नाही. आदल्या दिवशी दुपारी तीनला चालू केलंत तर ती संध्याकाळ ग्रँड कॅनॉलवर घालवून दुसऱ्या दिवशीची ही सहल त्याच तिकिटात बसते. प्रत्येक वेळी चढण्याआधी धक्क्यावरच्या यंत्राला तिकीट टेकवायचं, हिरवा दिवा पाहायचा. "काल टेकवलं होतं" हे तपासनीस ऐकून घेत नाही. विमानतळाच्या बोटीला मात्र हे तिकीट चालत नाही.

2024 पासून ठरावीक दिवशी व्हेनिसच्या जुन्या शहरात दिवसा येणाऱ्यांना प्रवेश शुल्क आहे. ते या बेटांना लागू नाही, पण फोंदामेंते नोवे जुन्या शहरातच आहे हे बाहेरून येणाऱ्यांनी लक्षात ठेवावं. शहरात मुक्कामाला असाल तर शुल्क माफ, तरी नोंदणी करून कोड घ्यावा लागतो.

आता चौथा आक्षेप. तोर्चेल्लोत चार घरं आहेत हे खरं, आणि पाहायचं आहे ते त्यामुळेच. मुख्य भूमीवरच्या आल्तिनो या रोमन शहरातले लोक इथे येऊन वसले. कॅथेड्रलमध्ये 639 सालचा शिलालेख आहे, त्यात बायझंटाईन सम्राट हेराक्लियसचं नाव आहे. व्हेनिस नावारूपाला येण्याआधी इथे व्यापारी वस्ती होती. पुढे नद्यांच्या गाळाने भोवतीचं पाणी उथळ झालं, दलदल वाढली, हिवताप आला, माणसं निघून गेली, आणि घरांचे दगडसुद्धा व्हेनिसच्या बांधकामांना नेले गेले. व्हेनिसने पुढे नद्यांची तोंडंच वळवली, सिले नदी 1683 मध्ये वळवली. तोपर्यंत तोर्चेल्लोला उशीर झाला होता. बोटीतून दिसणारे तिकटीसारखे बांधलेले लाकडी खुंट याच उथळपणामुळे आहेत. खोल पाण्याची वाट कुठून जाते ते खुंट दाखवतात, त्यांच्या बाहेर कित्येक ठिकाणी पाणी जेमतेम कमरेएवढं असतं.

कॅथेड्रलमध्ये शिरलात की लगेच मागे वळू नका. सरळ पुढे जा. वेदीमागच्या अर्धगोलात सोनेरी पार्श्वभूमीवर निळ्या वस्त्रातली मेरी बाळाला घेऊन एकटीच उभी आहे, भोवती दुसरं काहीच नाही. तिथून मागे वळलात की पश्चिमेची अख्खी भिंत अखेरच्या न्यायाच्या मोझेकने भरलेली दिसते. ती वरून खाली वाचायची. सर्वांत वर क्रूस. त्याखाली पाताळाची दारं तुडवणारा ख्रिस्त, आणि त्याच्या पायाखाली विखुरलेल्या कड्या, कुलुपं आणि किल्ल्या. आणखी खाली रिकामं सिंहासन. दाराच्या वर देवदूत आत्मे तोलतोय आणि सैतान पारडं आपल्याकडे झुकवायला धडपडतायत. उजव्या तळाशी नरकाचे कप्पे, त्यातल्या एकात नुसत्या कवट्या, डोळ्यांच्या खोबणीतून किडे वळवळत बाहेर येताना. सोनेरी तुकडे म्हणजे काचेच्या दोन थरांत दाबलेला सोन्याचा वर्ख. तुकड्यांचा कोन एकसारखा नसल्याने तुम्ही दोन पावलं सरकलात की भिंतीवरचा उजेड सरकतो. हे चाळीस मिनिटांच्या थांब्यात, तेही जाण्यायेण्याची वीस मिनिटं वजा करून, बघून होत नाही.

गाइडवाल्या बोटीचं उत्तर इथेच आहे. अर्ध्या दिवसाच्या बहुतेक सहली तिन्ही बेटं करतात, म्हणून तोर्चेल्लोला साधारण एवढाच वेळ देतात, आणि कॅथेड्रलचं तिकीट बहुधा वेगळं असतं. त्यांची पहिली फेरी हमखास मुरानोच्या काचेच्या प्रात्यक्षिकाला जाते, पाठोपाठ शोरूम. हॉटेलातून मिळणारी "फुकट" बोटही तशीच. जाणं फुकट असतं, परतीची बोट आपली आपण शोधायची. काच घ्यायचीच असेल तर "वेत्रो आर्तिस्तिको मुरानो" हा वेनेतो प्रांताचा शिक्का पाहून घ्या. ज्यांना पायी चालणं जमत नाही किंवा रांगेत उभं राहवत नाही त्यांच्यासाठी मात्र गाइडची बोट खरंच सोयीची आहे, जागा ठरलेली असते.

मुरानोला न उतरता काचेचा धागा सुटेल असंही वाटून घेऊ नका. भट्ट्या मुरानोला गेल्या 1291 च्या हुकुमाने, शहराला आग लागू नये म्हणून. तोर्चेल्लोच्या 1961-62 च्या उत्खननात काचेच्या भट्टीचे अवशेष मिळाले, ते त्या हुकुमाच्या कितीतरी शतकं आधीचे.

शेवटी तुम्ही आईंच्या गुडघ्यांबद्दल विचारलंय. वापोरेत्तोत चढणं तराफ्याच्या पातळीवर असल्याने सोपं आहे. चाकांच्या खुर्चीसाठी मोकळी जागाही असते. तोर्चेल्लोची वाट सपाट आहे. कठडे नसलेला सैतानाचा पूल बाजूला राहतो, तो ओलांडावा लागत नाही. चौकात "अत्तिलाचं सिंहासन" म्हणून दाखवतात ती संगमरवरी खुर्ची. हूणांचा राजा अत्तिला याचा तिच्याशी संबंध नाही, पण बसायला चालते. कॅथेड्रलचा मनोरा उघडा असेल तर वर जायला पायऱ्यांऐवजी चढणीची वाट आहे. हळूहळू जमेल, घाई नको. वाटेवर सावली कमी आणि उन्हाळ्यात डास फार, म्हणून टोपी, पाणी आणि डासांचं मलम सोबत हवं. नोव्हेंबर ते जानेवारीत जात असाल तर सकाळी धुकं पाहा. दाट धुक्यात बोटी सावकाश चालतात आणि वेळापत्रक कोलमडतं; त्या दिवशी आईंना घेऊन तोर्चेल्लोला न जाता 4.1 ने जवळचं मुरानो करा.