माया लावली की मूल वर्षभरात आपलं होतं?

"सिनेमानं सावत्र आईवरचा डाग पुसला. पडद्यावर दाखवतात तशी माया लावा, वर्षभरात मूल आई म्हणेल." लातूर-नांदेडकडच्या ग्रुपांवर हा मजकूर फिरतोय. डाग पुसला हे खरं. पुढचं खोटं आहे, आणि बिजवराला दिलेल्या बाईच्या जिवाला घोर लावणारं आहे.

'स्टेपमॉम' (१९९८) आणि त्यावरून हिंदीत आलेला 'वी आर फॅमिली' (२०१०) घ्या. दोन्हींत सख्खी आई असाध्य आजारी आहे आणि तीच मुलांना नव्या बाईच्या हाती सोपवते. हिच्यावर जीव लावला तरी चालेल, ही मोकळीक मुलांना आईच देते. आपल्याकडे आई अचानक गेलेली असते, नाहीतर माहेरी निघून गेलेली. नवीसोबत हसलं तरी मुलाला आईशी बेइमानी केल्यासारखं वाटतं. ही मोकळीक आता आजोळच देऊ शकतं, म्हणून आजोळ तोडू नका. फोटो भिंतीवरून काढू नका. आई वारलेली असेल तर अविधवा नवमीला तिच्या नावाचं पान मुलाला वाढू द्या. मूल 'मावशी' म्हणत असेल तर मावशीच बरी. 'आई म्हण' असा धोशा लावला की ते हाकच मारत नाही; भूक लागली तरी चुलीपाशी येऊन नुसतं उभं राहतं.

वर्षभराचं म्हणाल, तर या कुटुंबांसोबत काम करणारे मानसशास्त्रज्ञ घडी बसायला चार ते सात वर्षं धरतात. मूल दहाच्या पुढचं असेल तर आणखी.

माया आहे म्हणून रागवायचाही हक्क आला, इथं सगळ्यात जास्त बिघडतं. पहिली दोन वर्षं रागवायचं ते सख्ख्यानंच. बाप पुण्याला कंपनीत असेल तर निघण्याआधी त्यानं तिच्यासमोर मुलाला सांगावं: सातला अभ्यास, नऊला मोबाईल बंद, मी नसताना हिचं ऐकायचं. मग ती बापाचा नियम आठवण करून देते, स्वतःचा लादत नाही. सावत्र बापालाही हेच लागू.

कायद्यानंही मूल आपोआप आपलं होत नाही. हिंदू अज्ञान व पालकत्व कायदा, १९५६ च्या कलम ६ मध्ये सावत्र आई-बाप नैसर्गिक पालकांत धरलेले नाहीत. २०२२ च्या केंद्राच्या दत्तक नियमावलीप्रमाणे सावत्र मुलाला दत्तक घ्यायचं तर आदेश जिल्हाधिकारी देतात. दत्तक नसलेल्या सावत्र मुलाला आपल्या नावावरचं काही द्यायचं असेल तर मृत्युपत्र करा.

दत्तक होईपर्यंत शाळेच्या अर्जात 'आईचे नाव' या रकान्यात जन्मदाखल्यावरचंच नाव लिहा, नाहीतर पुढं कागदपत्रं जुळत नाहीत. आणि लिहिताना मुलाला शेजारी बसवा. नाव कुणाचं लिहिलं, ते त्याला दिसू द्या.